शेवटचा ठोका बाबाचा

डाव्या हातावरची मेंदी तीन दिवसांत उडाली आणि उजव्या हातावरची तशीच लालबुंद राहिली, तिथून माझ्या डोक्यात किडा वळवळायला लागला.

मेंदी एकाच बाईने, एकाच बैठकीत, एकाच कोनातून काढलेली. मामेबहिणीच्या लग्नात माझाच रंग सगळ्यात गडद चढला, म्हणून प्रत्येक फोटोत मी दोन्ही पंजे पुढे करून उभी आहे. ते शनिवारी. आणि बुधवारी शाळेत बघते तर डावा तळवा कोरा, नुसती पिवळट सावली. बाकावरची सुलक्षणा म्हणाली, "साची, अर्ध्या हाताला उधारीवर लावलेली का गं?"

घरी आईला दाखवलं.

"भांडी घासलीस डाव्या हाताने?"

"मी कधी भांडी घासते?"

"तेही खरंच," म्हणून आई परत कणकेकडे वळली.

भांडी घासत नसले तरी मी भांडी ठोकते. हे मला नीट सांगायला आवडतं, कारण कसब्यातल्या आमच्या आळीत खरवईवर बसलेली मी पहिली मुलगी. खरवई म्हणजे लोखंडाची जाड दांडी. तिच्यावर भांडं उलटं चढवायचं, डाव्या हाताने ते बोटबोट फिरवायचं आणि उजव्या हातातल्या हातोडीने एकाला एक लागून ठोके मारत जायचं. याला मठारणं म्हणतात. चार वर्षं मी चिंच लावून तांबं उजळत बसले, बघत राहिले, आणि गेल्या दिवाळीत बाबाला म्हटलं, "मला पण हातोडी दे." बाबा म्हणजे हृषीकेश वडके, आळीतला सगळ्यात बारीक हाताचा तांबट. त्याला वाटलं मी दोन दिवसांत कंटाळेन. आता नववी संपत आली आणि माझे ठोके बघून शेजारचे काका विचारतात, "हृषी, हे तुझं की पोरीचं?"

आम्ही ठोकतो ते साधं भांडं नाही. आम्ही सुस्त डबे करतो.

काळ सगळीकडे एकाच वेगाने चालत नाही, हे आमच्या पुस्तकातही आहे. डोंगरावरचं घड्याळ समुद्रकाठच्या घड्याळापेक्षा केसभर पुढे पळतं. उपग्रहांतली घड्याळं तर सतत जुळवून घ्यावी लागतात, नाहीतर फोनवरचा नकाशा आपल्याला सरळ नदीत नेऊन सोडेल. मी दोन-तीन वर्षांची असताना तांब्याचा एक मिश्रधातू सापडला. त्यावर ठोके अगदी जवळजवळ बसले की आतल्या अणूंच्या रांगा एकमेकींत अडकतात आणि भांड्याच्या पोकळीत काळ मंदावतो. बाहेर आठवडा जातो तेव्हा आत जेमतेम तास. आधी यंत्राने ठोकून पाहिलं. पण यंत्राचे ठोके सगळे सारखे, आणि सारख्या ठोक्यांच्या रांगा एकमेकींवरून घसरतात. माणसाचा प्रत्येक ठोका आधीच्यापेक्षा किंचित वेगळा असतो, म्हणून त्या अडकतात. मग 'स्थिरकाल' नावाची कंपनी मिश्रधातूचे पत्रे घेऊन आळीत आली. सहा वर्षं झाली त्याला. तोवर इथे भांड्यांच्या आवाजापेक्षा पार्किंगवरून होणाऱ्या भांडणांचाच आवाज मोठा होता.

आणि आईची किडनी.

सहा वर्षांपूर्वी आईसाठी किडनी मिळाली, तेव्हा आई तापाने फणफणली होती. डॉक्टर म्हणाले, ताप उतरल्याशिवाय शस्त्रक्रिया नाही, आणि किडनी तर एवढी थांबत नाही. बाबाने पहिल्याच महिन्यात केलेला एक डबा तेव्हा त्या हॉस्पिटलात चाचणीसाठी होता. किडनी त्यात चार दिवस थांबली. आईचा ताप उतरला. म्हणून सुस्त डब्याला कुणी नाव ठेवलेलं आमच्या घरात चालत नाही.

माझी एकच तक्रार होती. शेवटचा ठोका.

आमच्या घराण्यात आधीपासून बुडाशी एका ठोक्याची जागा मोकळी ठेवायची रीत होती. घागर असो, बंब असो, बुडाच्या मध्याशी नखाएवढं गुळगुळीत तांबं राहिलेलं दिसलं की समजायचं, वडक्यांचं काम. पूर्ण केलं की हात थांबतो, म्हणायचे. कंपनीने ती मोकळी जागा पहिल्या दोन महिन्यांतच बंद करायला लावली. ती भरली तरच काळ पुरता अडकतो, नाहीतर तिथून गळतो. तेव्हापासून बाबा भरतो. पण फक्त बाबा. मी तीन-तीन आठवडे डबा मठारायचा, आणि शेवटच्या जागेपाशी आले की तो म्हणायचा, "ऊठ आता. हा माझा." मग तो पूर्ण झालेला डबा आठ दिवस आमच्याच फळीवर मुरत ठेवायचा, रोज त्याच्यावरून हलक्या हाताने हातोडी फिरवायची, ते कामही बाबाच करणार. मला हात लावू द्यायचा नाही. करारातच लिहिलं होतं की डबा आठ दिवस कारागिराकडे मुरला पाहिजे, त्याशिवाय कंपनी उचलणार नाही.

"माझ्यावर भरवसा नाही तुझा," मी म्हणायचे.

"आहे की."

"मग?"

"मग काय. बाप आहे मी."

लग्नाच्या दुसऱ्या दिवशी, रविवारी, बाबा चिंच आणायला मंडईत गेला होता. माझा सातवा डबा खरवईवर होता. मोकळी जागा माझ्याकडे बघत होती. मी हातोडी उचलली आणि ठोका मारला. आवाज वेगळाच आला, बंद दारासारखा. मी तो डबा माझ्या पलंगाखाली ठेवला, त्याच्या जागी जुना एक अर्धवट चढवला, आणि रोज शाळेतून आल्यावर दार लावून वीस मिनिटं त्याच्यावरून हातोडी फिरवू लागले. आठ दिवसांनी बाबाच्या पुढ्यात ठेवायचा आणि त्याचं तोंड बघायचं, एवढीच योजना होती.

बुधवारी मेंदी गेली.

हातोडी माझ्या उजव्या हातात असते. घासून गेली असती तर उजव्या हातावरची जायला हवी होती. गेली डाव्याची, डब्याला टेकलेल्या हाताची.

मग मला घरातल्या दोन गोष्टी आठवल्या. एक, कारखान्यातल्या फळीवर आई केळी ठेवत नाही. "त्या फळीला केळी सोसत नाहीत, संध्याकाळपर्यंत काळी." दोन, त्याच फळीवर ती मटकी ठेवते. सकाळी फडक्यात बांधलेल्या मटकीला दुपारच्या जेवणाला हे एवढाले मोड. आई शेजारणींना सांगते, तांब्याची ऊब असते. आम्ही सहा वर्षं ती उसळ खातोय आणि एकालाही प्रश्न पडला नाही. मी विज्ञान प्रदर्शनात दोनदा पहिली आलेय, हे इथे सांगायला लाज वाटते.

गुरुवारी मी तीन पुरचुंड्या बांधल्या. एक माझ्या पलंगाखालच्या डब्याला चिकटून. एक स्वयंपाकघरातल्या जुन्या डब्याला चिकटून. तो पहिल्या महिन्यातला, मोकळ्या जागेचा, कंपनीने परत केलेला, आई त्यात कोथिंबीर ठेवते. तिसरी खिडकीत. माझ्या डब्याजवळच्या मटकीला चार तासांत मोड आले. बाकी दोन पुरचुंड्या दुसऱ्या दिवशी दुपारपर्यंत ढिम्म, आणि मग दोघींना बरोबरच मोड आले. माझ्या डब्यापासून वीतभर लांब ठेवलेल्या दाण्यांनाही काही झालं नाही.

म्हणजे आतला काळ वाचतो तो कुठेतरी सांडतो. शेवटचा ठोका बसला असेल तर तो काळ भांड्याच्या बाहेर, सायीसारख्या एका थरात सांडतो, आणि त्या थरात काळ पळतो, हातोडी फिरत असताना तर कैकपट जोरात. नवा डबा आठ दिवस असा सांडत राहतो आणि मग शांत होतो, म्हणूनच करारातले ते आठ दिवस. जागा मोकळी असेल तर सगळं हळूहळू गळतं, कुणालाच लागत नाही. फक्त डबा कमी सुस्त होतो. आठवड्याचा तास नाही, आठवड्याचा एक दिवस.

मला ते कळलं तेव्हा खरं सांगते, आधी आनंदच झाला. मला वाटलं प्रदर्शनात तिसऱ्यांदा पहिली. मग माझं लक्ष दाराबाहेर गेलं. कारखान्यात बाबा बसला होता. डाव्या हाताला जुन्या बनियनच्या पट्ट्या गुंडाळलेल्या. पकड चांगली बसते म्हणून तो त्या बांधतो. जेवताना, झोपतानाही सोडत नाही.

मी जाऊन समोर बसले.

"बाबा, पट्टी सोड."

"काम चाललंय."

"सोड ना."

त्याने माझ्याकडे पाहिलं आणि मग माझ्या डाव्या हाताकडे. मेंदी नसलेल्या. त्याच्या हातातली हातोडी खाली गेली. माझा पंजा ओढून त्याने उजेडात धरला, बोटं उलटी करून नखं बघितली. चार दिवसांत ती इतकी वाढली होती की सुलक्षणा म्हणाली होती, चेटकीण होणारेस का.

"कधी मारलास?"

"रविवारी."

"आणि रोज हात फिरवलास वरून?"

"वीसच मिनिटं."

ओरडला असता तर बरं झालं असतं. मग त्याने दाताने गाठ सोडली आणि पट्टी उलगडली.

बाबा सेहेचाळीस वर्षांचा आहे. त्याचा उजवा हात सेहेचाळीस वर्षांचा आहे. डावा हात कुण्या म्हाताऱ्याचा होता. कातडी कागदासारखी, वर तपकिरी डाग, निळ्या शिरा, सुजलेली पेरं. आणि तो थरथरत होता. पट्टी थरथर लपवण्यासाठी होती.

"तुला माहीत होतं," मी म्हणाले.

"नखं सांगतात," बाबा म्हणाला. "दर दोन-तीन दिवसांनी कापावी लागतात. एकदा कंपनीच्या धनावडे मॅडमना विचारलं मी. म्हणाल्या, हवा बदलली की होतं असं."

"म्हणून शेवटचा ठोका मला देत नव्हतास."

"म्हणून."

मी चार-पाच महिने त्याला टोमणे मारत होते. जेवताना, पाहुण्यांसमोर. मला खाली बघायला पण जागा उरली नाही, कारण खाली तो हात होता.

"थांबला का नाहीस?"

बाबाने स्वयंपाकघराकडे नुसती मान वळवली. आत फोडणी तडतडत होती. तेवढंच उत्तर. पण आई आत नव्हतीच. ती झारा घेऊन दारात उभी होती आणि तिने हात बघितला होता. सहा वर्षांत पहिल्यांदा, पट्टीशिवाय.

"मला तू सांगितलंस ती सांधेदुखी आहे," आई म्हणाली.

"आहेच थोडी."

"हृषी, माझ्यासाठी एक डबा पुरला होता. नंतरचे सगळे कुणासाठी?"

"त्याच डब्यांमुळे कुणाची तरी..."

"आणि माझ्या पोटातली किडनी आली तो डबा कुठला होता? सांग ना. पूर्ण होता?"

तो डबा पहिल्या महिन्यातला होता. मोकळ्या जागेचा. चार दिवस थांबायला तेवढा पुरला होता. हे आमच्यापैकी कुणालाच आजवर सुचलं नव्हतं, आणि ते सुचलं आईला, जी मटकीच्या मोडांचं श्रेय तांब्याच्या उबेला देत होती.

झारा तिने तसाच खरवईवर ठेवला आणि त्याचा डावा हात स्वतःच्या दोन्ही हातांत घेतला. फोडणी करपली. आत जाऊन गॅस मी बंद केला.

त्या खेपेचे आठ डबे फळीवर होते, शेवटच्या ठोक्याची वाट बघत. बाबाने त्यांना हात लावला नाही. माझा सातवा डबा त्याने मला परत घेऊ दिला नाही. गच्चीवर टाकीमागे नेऊन ठेवला, जिथे तो ज्याच्यावर सांडेल असं कुणी नव्हतं. मी मात्र एक केलं. मेंदीचा कोन शिल्लक होता, त्याने बाबाच्या डाव्या अंगठ्याच्या नखाच्या अगदी मुळाशी एक ठिपका काढला. नखावर चढलेला रंग धुतला जात नाही, नखाबरोबर पुढे सरकतो. आपलं नख आठ दिवसांत मिलिमीटरभरही वाढत नाही. बाबाने अंगठा पुढे धरला. "लग्न आहे का माझं?" एवढंच म्हणाला.

नवव्या दिवशी धनावडे मॅडम आल्या. नेहमीप्रमाणे हसऱ्या, हातात तपासणीचं यंत्र. वाईट बाई नाहीत त्या. आईच्या शस्त्रक्रियेच्या वेळी रात्रभर बसल्या होत्या हॉस्पिटलात. त्यांनी पहिला डबा उलटा केला, बुडावरून अंगठा फिरवला आणि थबकल्या.

"दादा, एक ठोका राहिलाय."

"आठही डब्यांचा," बाबा म्हणाला. "राहिला नाही, ठेवलाय." आणि त्याने पट्टी न बांधलेला हात फळीवर ठेवला.

मॅडमनी तो पाहिला. मी त्यांच्या नखांकडे पाहत होते. मरून नेलपॉलिश, कड मुळाशी अगदी चिकटलेली, मध्ये पांढरी रेघसुद्धा नाही. आठ दिवस मुरायच्या आधी त्यांनी एकाही डब्याला कधी हात लावला नसणार.

"तुम्हाला माहीत होतं का?" मी विचारलं.

"साची, मोठ्यांचं चाललंय."

"माझीही मेंदी गेलीये. म्हणून विचारते."

त्यांनी डबा खाली ठेवला, फार जपून. मग म्हणाल्या, "हृदय चार तास टिकतं. या अपूर्ण डब्यात अठ्ठावीस तास. पूर्ण डब्यात अठ्ठावीस दिवस. मागच्या महिन्यात इंफाळच्या एका मुलीसाठी हृदय एकोणीस दिवस थांबलं. तुझ्याएवढीच आहे. आज चालते-फिरते. तिला काय सांगू मी?"

मी म्हणू शकले असते की अर्ध्याहून जास्त डबे उन्हाळ्यातला हापूस टिकवून डिसेंबरात खाणाऱ्यांकडे जातात, आणि ते खरंही आहे, पण त्या मुलीला ते सांगून काय उपयोग.

बाबा म्हणाला, "सांगून मागा, मॅडम. एवढंच. हात जाईल असं आधी सांगा, मग मागा. त्या मुलीसाठी एखादा डबा मी केलाही असता."

"मग हे आठ मी नेते. शेवटचा ठोका दुसरीकडे कुणी मारेल."

"नाही मारता येणार." बाबाने एका डब्यावर नखाने टिचकी मारली. "नऊ दिवस पडून धातू कडक झालाय. आता ठोका मारलात तर तडा जाईल. आणि मऊ करायला भट्टीत घातलात तर आधीचे सगळे ठोके सुटतील. हे कुठल्याही तांबटाला विचारा."

मॅडम कुठल्याही तांबटाला विचारायला गेल्या नाहीत. एकही डबा न घेता निघाल्या. दारात चपला घालताना वळून म्हणाल्या, "आळीत बाकी चौदा घरं आहेत, दादा."

"हो," बाबा म्हणाला. "आज संध्याकाळी त्यांच्याकडेच जाणार आहे. पट्टी न बांधता."

त्या गेल्यावर मी शाळेतून आणलेला व्हर्नियर कॅलिपर काढला. सरांना सांगितलं होतं, प्रदर्शनासाठी हवाय. बाबाचा अंगठा खरवईवर टेकवला, ठिपका आणि नखाचं मूळ यांमधलं अंतर मोजायला जबडे लावले. पहिल्यांदा जमेना. दुसऱ्यांदाही नाही. मग आईने खाली बसून त्याचं मनगट दोन्ही हातांनी घट्ट धरलं, तेव्हा वाचता आलं.

शून्य पूर्णांक आठ मिलिमीटर. सगळ्यांचं वाढतं तेवढंच.

"बघ," मी म्हणाले, "थांबलं."

बाबाने मान हलवली. आईने मनगट सोडलं. ठिपका जवळजवळ होता तिथेच होता, आणि त्याच्याखाली हात थरथरत होता.